चौकातल्या रिकाम्या हंड्यांची रांग

तीर्थस्वरूप रामकिसनदादास,

धाकट्या दीपमालाचा हर्सूलहून वाकून नमस्कार. तुझा गुडघा कसा आहे? वहिनींचं लोणचं पोचलं. बरणी परत मागू नये. फोनवर विश्वजीतचं नाव काढलं की तुझी रेंज जाते, म्हणून हे पत्र. पत्र मधेच कट करता येत नाही.

‘चौकातला खेळ आटोपला की पोरानं मुकाट्यानं सोयगावला येऊन खताच्या दुकानात बसावं’ हा तुझा हुकूम मी त्याला कळवला. त्या दिवशी पोरगं जेवलं नाही (म्हणजे माझ्यासमोर जेवलं नाही, डब्यातले लाडू कमी झालेत). तर खेळ कसा झाला ते ऐक. तुझ्या लेकाचं म्हणणं, कला एकट्यानं करायची नसते, अख्ख्या वस्तीनं मिळून भर रस्त्यात करायची असते. (आमच्याकडे अशी आजवर फक्त भांडणं झाली.) त्यानं घरोघर हिंडून एकेक रिकामं भांडं मागितलं, पाण्याची वाट बघणाऱ्या घराची निशाणी म्हणून. मी आईचा पितळी हंडा दिला. भाच्याच्या पहिल्या प्रदर्शनाला काय प्लास्टिकचा कॅन देऊ? सकाळी त्यानं पिंपळापासून सगळी भांडी ओळीनं मांडली आणि पाहुणे यायच्या आत अंघोळ उरकायला घरी आला.

तिथंच घोळ झाला. नळाला पाणी कधी येईल हे आमच्याकडे ब्रह्मदेवालाही ठाऊक नाही, आणि हा शहाणा चौकात रिकाम्या हंड्यांची रांग लावून निघून येतो! समोरच्या कडूबाईनं (नजर घारीची, गळा भोंग्याचा) ती पाहिली आणि ओरडली, “अगं बायांनो, टँकर यायलाय! झोपल्या का काय?” झालं. बघता बघता रांग पार हर्सूल जेलच्या भिंतीला टेकली. बादल्या, ड्रम, पातेली, एक प्रेशर कुकर. ज्यांना भांडं गावलं नाही त्यांनी नंबर धरायला विटा ठेवल्या. विश्वजीत धावत आला तोवर दोघी एकमेकींच्या झिंज्यांपर्यंत पोचल्या होत्या. तो बिचारा हात जोडून सांगतोय, “मावशी, टँकर नाही हो, ही कलाकृती आहे.” कडूबाई म्हणाली, “कोन बी असू दे. तिला म्हनावं, नंबरानं ये.”

शहरातले पाहुणे आले, खूश होऊन फोटो काढू लागले, ‘केवढा लोकसहभाग’ म्हणाले. ते फोटो मोबाइलवर फिरले आणि कुणा पुढाऱ्याला वाटलं, हर्सूलमध्ये मोर्चा निघतोय. दुपारी त्यानं घाईघाईनं धाडलेला खराच टँकर आला! बायांनी भांडी भरली आणि आपापल्या घरी नेली. प्रदर्शन म्हणून उरला तो चिखल आणि चार विटा. त्या चिखलात विश्वजीत एकटाच हसत उभा होता, दादा. मला रडू आलं. आपल्या घरात कुणी आपल्या कामावर इतकं खूश झालेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

असो. खेळ आटोपला. रविवारी त्याला गाडीत बसवून देते.

तुझी,
दीपमाला

ता. क. रविवारी जमणार नाही. विश्वजीतनं दर आठवड्याला कला करायची, असं बायांनी ठरवलंय. कडूबाई म्हणते, “पोराला गावाकडं धाडून तर बघा, एस्टीपुढं आडवी पडंन.”

ता. ता. क. आईचा हंडा त्या गडबडीत कुणाच्या घरी गेला कळत नाही. वहिनींचा मोठा हंडा घेऊन ये. कुणाबरोबर पाठवू नकोस, तूच ये. नव्या रांगेत विश्वजीतनं आमच्या नंबराशेजारी एक वीट ठेवलीय. कुणाची म्हणून विचारलं, तर म्हणाला, “बाबांची.”