कर्नल बोगींचे सहस्रचंद्रदर्शन

शनिवार, ता. ११ जानेवारी १९१३. संध्याकाळी पाच वाजून चाळीस मिनिटे.

अन्याय झाला. वेळ मुद्दाम टिपून ठेवते, पुढे कामाला येईल.

नेहमीप्रमाणे फिरायला गेले होते. रेसिडेन्सीपलीकडे साहेब लोकांचे गोल्फचे मैदान आहे, त्याच्या कुंपणापाशी आज बोर्ड लावला होता. स्पर्धेचा निकाल. मेजर अमुक, पाच डाउन टू बोगी. डॉक्टर तमुक, सात डाउन टू बोगी. कॅप्टन फेनविक, दोन डाउन टू बोगी. म्हणजे झाडून सगळे या बोगीकडून हरले. (मला नन्सनी इंग्रजी शिकवले आहे. डाउन म्हणजे काय ते कोणी मला सांगू नये.)

आणि चांदीचा कप कोणाला दिला? कॅप्टन फेनविकला! हरलेल्याला! तोच क्लबचा सेक्रेटरी, हे ओघाने आलेच.

जिंकलेला माणूस कुठे दिसलाही नाही. बिचारा अपमान गिळून आधीच निघून गेला असणार.

कुंपणावरून "शेम!" असे स्पष्ट उच्चारले. एका मडमेने हात हलवून "गुड ईव्हनिंग" म्हटले.

रविवार, ता. १२.

शेजारचे गणपतराव रेसिडेन्सीच्या कचेरीत हेडक्लार्क होते, आता पेन्शनीत आहेत. माणूस वात्रट, पण माहितीसाठी बोलावे लागले. बोगी कोण, असे विचारले. त्यांना एकदम ठसका लागला. बराच वेळ उपरण्यात तोंड घालून बसले. मग म्हणाले, "कर्नल बोगी व्हय? वळखतो की! लई सज्जन माणूस."

मी म्हटले, स्वभावाने कसे? म्हणाले, "गप्प. इतकी वर्षं रेसिडेन्सीत काढली, पर त्यांच्या तोंडातनं एक शब्द ऐकला न्हाय. कुणाशी भांडण न्हाय, कधी चेंडू हरवला न्हाय. आणि त्यांना हरवणं कुणाचं काम न्हाय, बाई."

कुटुंब? "लग्नच न्हाय केलं."

अविवाहित. (यात विशेष काही नाही. नोंद म्हणून लिहिले.)

बुधवार, ता. १५.

गणपतरावांबरोबर कर्नलसाहेबांना तिळगूळ पाठवला. संध्याकाळी उत्तर आणले: साहेबांनी घेतला. काय बोलले? "काय न्हाय." गणपतरावांच्या मिशीत तीळ होते. त्यांनाही दिला असावा. कर्नल उदार दिसतात.

मी त्यांच्या जागी असते तर बोलले असते. माणसाने सोसले की लोक आणखी सोसायला लावतात. शाळेत हेडमिस्ट्रेस म्हणून जन्म घालवला, शेवटच्या दिवशी हार आला तो संस्थापकांच्या तसबिरीसाठी निघाला. चिमणाबाई, माझ्याच हाताखाली शिकलेली आणि आता माझ्याच खुर्चीवर बसलेली, म्हणाली, "बाई, तुमचा निरोपसमारंभ पुढच्या सोमवारी करू." तीन वर्षे झाली. तो सोमवार अजून आलेला नाही.

संकल्प: कर्नल बोगींना न्याय मिळवून देणे.

रविवार, ता. १९.

या विषयाचा पाया पक्का करावा म्हणून गणपतरावांकडून क्लबातले जुने इंग्रजी पेपर आणवले. दिवसभर वाचले. डोळे दुखतात.

गोल्फात दोन जाती. जेंटलमन, ते फुकट खेळतात. आणि प्रोफेशनल, ते पोटासाठी खेळतात. प्रोफेशनलला क्लबात पुढच्या दाराने प्रवेश नाही. आमच्या खासबागेत पैलवानाला लोक खांद्यावर घेतात. हे त्याला मागच्या दाराने घेतात. सुधारलेले लोक!

विलायतेत एक मोठा सामना झाला. पाऊस, वारा, चिखल. एका नामांकित प्रोफेशनलला दीड हातावरून चेंडू भोकात घालता आला नाही. पेपर त्याला "दुर्दैव" म्हणतो. आम्ही त्याला नापास म्हणत होतो. दुसऱ्याचा चेंडू एका प्रेक्षकाच्या टोपीत पडला, तर पंचांनी तासभर खल केला. टोपीवाल्याचे काय झाले, याबद्दल एक ओळ नाही.

दौऱ्याची बातमी: मॅकफी नावाचा स्कॉच प्रोफेशनल हिंदुस्थानात खेळत फिरतो आहे. बंगलोरला बोगीला हरवले, पुण्यात बोगीशी बरोबरी. आता इथे येणार, शनिवारी पहिल्या फेब्रुवारीला. "मॅकफी विरुद्ध बोगी."

एक शंका. ज्या शनिवारी इथे बोगी जिंकले त्याच शनिवारी पुण्यातही बोगी होते. गणपतरावांना विचारले. म्हणाले, "मोठं खानदान हाय, बाई. गावोगाव एक बोगी हाय."

भाऊ-भाऊ असावेत. आपल्याकडे नाही का, एक भाऊ सांगलीला, एक मिरजेला. मन शांत झाले. तरी चार वेळा उठून खिडकीशी जाऊन आले.

बुधवार, ता. २२.

मोठी बातमी! क्लबच्या बोर्डावर नोटीस. अकरावे भोक लांब केल्याबद्दल काहीतरी, आणि खाली: "बोगी, हिदरटू सेव्हन्टी-नाइन, विल बी एटी-वन फ्रॉम फर्स्ट फेब्रुवारी."

म्हणजे आजवर एकोणऐंशी, पहिल्या फेब्रुवारीपासून एक्याऐंशी. एकोणऐंशी वर्षांचे आहेत! या वयात तरण्याताठ्या कॅप्टनांना लोळवतात! एकोणऐंशीवरून थेट एक्याऐंशी कसे, हे आधी कळेना. मग उलगडले. दोन वर्षे वय चोरले असणार आणि आता प्रामाणिकपणे कबूल केले. असा सरळपणा आजकाल कुठे राहिला आहे?

आणि एक्याऐंशी म्हणजे सहस्रचंद्रदर्शन. हजार पौर्णिमा पाहिलेला माणूस. त्या क्लबातल्या एकालाही हे सुचणार नाही. ते फार तर केक कापतील.

आमच्यात बावीस वर्षांचे अंतर. म्हणजे वडिलांसारखे.

शुक्रवार, ता. २४.

शाळेत गेले. शनिवारी आठ फेब्रुवारीला बक्षीससमारंभ आहे. चिमणाबाईला म्हटले, अध्यक्ष मी आणते, प्रत्यक्ष कर्नल. तिचा चेहरा पाहण्यासारखा झाला. विचारले, "येतील का ते?" म्हटले, माझा शब्द आहे. अट एकच: व्यासपीठावर त्यांच्या शेजारची खुर्ची माझी. कबूल झाली. म्हणाली, "कर्नल आले तर दोन खुर्च्या मांडते, बाई."

घरी येताना भेटेल त्याला सांगितले. आता सगळ्या शाहूपुरीला ठाऊक आहे.

मंगळवार, ता. २८.

बेत पक्का. सामना संपला की मैदानावरच सत्कार, एक्याऐंशी दिव्यांनी ओवाळणे, आणि तिथेच बक्षीससमारंभाचे निमंत्रण. सगळ्यांदेखत नाही म्हणता येत नाही.

शाल घरातच होती. ट्रंकेत. निरोपसमारंभाच्या वेळी कोणी विसरले तर आपल्याजवळ असावी म्हणून घेतली होती. घडीसुद्धा मोडलेली नाही.

स्वयंपाकाच्या शांतव्वाला पुरण घालायला सांगितले. तिने विचारले, "एक्याऐंशीचं म्हातारं, त्यास्नी दात हायती का?" गणपतरावांना विचारून आले. म्हणाले, "दात न्हाईत. पर चावा लई वाईट." काय बोलतात त्यांचे त्यांना माहीत. शांतव्वा म्हणाली, "मानूस दिसल्याबिगर पुरन शिजवू नगासा, बाई." तिला म्हटले, तू विश्वास ठेवायला शीक.

आजपासून गणपतरावांशी बोलणे बंद. फार हसतात.

शुक्रवार, ता. ३१.

गणपतरावांशी बोलले. (कामापुरते.) उद्या येतो म्हणाले, "चुकवणार न्हाय."

जांभळे पातळ इस्त्री करून घेतले. इंग्रजी भाषण पाठ. घरातल्या घरात इतक्या येरझाऱ्या घातल्या की शांतव्वाने विचारले, "बाई, गोलफ खेळतायसा काय?"

बावीस वर्षांचे अंतर म्हणजे फार नव्हे. वडीलबंधूंसारखे.

शनिवार, ता. १ फेब्रुवारी.

मॅकफी जिंकला. बाकी उद्या लिहीन.

पातळ झटकून ठेवले. डोके दुखते.

रविवार, ता. २.

घडले ते असे. मॅकफी चांगला खेळला, पण एकटाच खेळत होता. समोर कोणी नाही. मला वाटले, कर्नल मागून येतील. शेवटच्या भोकापाशी मी शाल घेऊन आणि शांतव्वा दिव्यांचे ताट घेऊन उभी. चेंडू भोकात पडला, टाळ्या झाल्या, फेनविकने जाहीर केले: मॅकफीने बोगीला तीन भोकांनी हरवले. मी पुढे झाले आणि विचारले, कर्नल बोगी कुठे आहेत?

 मग फेनविकने लहान मुलीला सांगावे तसे सावकाश सांगितले. बोगी हा माणूस नाही. चांगल्या खेळाडूला प्रत्येक भोकाला किती टोले लागावेत याचा आकडा ठरवलेला असतो. त्या आकड्याला बोगी म्हणतात. सगळे त्या आकड्याशी खेळतात आणि सगळ्यांत कमी हरतो त्याला कप. अकरावे भोक लांब केले म्हणून एकूण टोले एकोणऐंशीचे एक्याऐंशी झाले. कर्नल ही आपली थट्टा.

मडमा छत्र्यांआड हसल्या. कुंपणाबाहेरच्या गर्दीला इंग्रजी कळले नव्हते, ती उणीव गणपतरावांनी मोठ्याने भरून काढली. "बोगी म्हंजे बागुलबुवा हाय, बाई, त्यो! बागुलबुवा!"

जन्मभर खोडकर पोरींना मी त्याच नावाने गप्प बसवले. त्यातलीच एक चिमणाबाई.

मॅकफीने मात्र टोपी काढली. म्हणाला, मॅडम, मलाही तो आजवर दिसलेला नाही, आणि त्याच्यामुळे माझी झोप उडालेली आहे. प्रोफेशनल असला तरी जेंटलमन.

परतताना रस्त्यात शांतव्वाने शालीची घडी मोडली आणि माझ्या खांद्यावर घातली. म्हणाली, "तुमीच घ्या की बाई आता. कवाधरनं ठेवलीया." गार वारा होता म्हणून राहू दिली.

आज सकाळी चिमणाबाई स्वतः आली. चेहरा अगदी सरळ ठेवून विचारले, "बाई, खुर्च्या किती मांडू?" मग म्हणाली, "कर्नल नसले तरी तुम्ही या. पुढच्या रांगेत जागा ठेवते." पुढच्या रांगेत! पालकांच्यात! मी तिला सांगितले, प्रकरण अजून मिटलेले नाही.

आणि खरोखर मिटलेले नाही. विचार केला तर पुरावा कुठे आहे? फेनविकचे तोंडी बोलणे. जो हरून कप घेतो त्याचे! उद्या पाठवायचा मजकूर इथेच लिहून ठेवते.

"सेक्रेटरी, गोल्फ क्लब, यांस. ता. १ रोजी संध्याकाळी कर्नल बोगी अस्तित्वात नाहीत असे आपण तोंडी सांगितलेत. ते मला मान्य नाही. ज्यांनी आपल्या सर्व अधिकाऱ्यांना हरवले, ज्यांचे नाव आपल्याच बोर्डावर आहे आणि ज्यांना तिळगूळ मी स्वतः पाठवला आहे, ते गृहस्थ कप देण्याची वेळ आली की नाहीसे होतात, यातच सर्व आले. तरी आपण अस्तित्वात नाही हे खुद्द कर्नल बोगी यांनी, स्वतःच्या सहीने, शुक्रवार ता. ७ फेब्रुवारी संध्याकाळी पाचच्या आत मला लेखी कळवावे. उशीर चालणार नाही. शनिवारी त्यांची खुर्ची मांडायची की नाही, ते शाळेत सांगायचे आहे."