कापायचाच चेहरा

४ नोव्हेंबर, मंगळवार

आजचा दिवस फार मजेत गेला. एरवी मी कोबेतल्या दवाखान्यांत आणि वॉर्ड ऑफिसांत दुसऱ्यांच्या पोटदुखीचं जपानी करून देते. आजपासून मी एका तमिळ गँगस्टरपटाची दुभाषी. सकाळी लॅबला निघताना उदय म्हणाला, अनघा, तुला असले सिनेमे सहन होत नाहीत ना? म्हटलं, दुभाष्याला आवडनिवड नसते. असते, पण ती रोजनिशीत लिहायची असते.

शूटिंगचं घर शिओया स्टेशनच्या वरच्या टेकडीवर आहे. चढताना दम लागतो, पण वर पोचलं की खाली अख्खा समुद्र. दुमजली, लाकडी, इतकं निगुतीनं ठेवलेलं की जमिनीत चेहरा दिसावा. लग्नाच्या फोटोंसाठी वगैरे भाड्याने देतात. ते सांभाळणाऱ्या ओकुनो-सान साठी उलटलेल्या, ताठ. दारात सगळ्यांसाठी स्लिपर मांडून उभ्या होत्या, आणि आमची चेन्नईची मंडळी बुटांसकट आत. मी त्यांना परत बाहेर काढलं, जसं माझ्या लेकीच्या, नेत्राच्या, बालवाडीतल्या पोरांना काढायचे.

दिग्दर्शक इळंगोवन घरातही काळा चष्मा घालतो, त्यामुळे तो विचार करतोय की झोपलाय हे कळत नाही. दोन्हींचा परिणाम एकच. त्याची साहाय्यक कयलविळी पंचविशीची आहे, 'सर, सर' करत त्याच्यामागे पळते आणि माझ्याशी हिंदीत बोलते. मला तमिळ येत नाही. संवाद समजत नाहीत, हा या नोकरीतला मोठाच फायदा.

५ नोव्हेंबर, बुधवार

आज कथा ऐकवण्यात आली. कोबेच्या बंदरावर राज्य करणारा तमिळ डॉन. वरून मोत्यांचा व्यापार, खालून काय ते विचारू नये. तीन मुलगे, तिघांनाही एकच दाढी. आणि कुटुंबाचं भयंकर गुपित असं की डॉनला एक मुलगीही होती. तिने शत्रूच्या घरात सूत जमवलं, म्हणून बापाने तिला मारून टाकलं नाही, तर 'नाहीच' ठरवलं. ती त्याच घरात राहते, पण तिच्याकडे कोणी बघायचं नाही, तिच्याशी बोलायचं नाही, तिचं पान मांडायचं नाही.

हे सुचलं कुठून, असं मी सभ्यपणे विचारलं. इळंगोवन म्हणाला, मार्चमध्ये घर बघायला आलो होतो, जेवणघरात एकटाच बसलो होतो, तेव्हा आपोआप सुचलं. कोणीतरी कानात सांगावं तसं. या लोकांना सगळं आपोआपच सुचतं. थोडे कष्ट घेतले असते तर बरं काही सुचलं असतं.

डॉनचं काम करणारे वेदाचलम मूळचे नाटकवाले, सत्तरीचे. प्रत्येक शॉटआधी जमिनीला हात लावून नमस्कार करतात. दुपारी सगळे बेन्तोचे जपानी डबे खातात तेव्हा हे कोपऱ्यात डब्यातला दहीभात खातात. मला 'अम्मा' म्हणतात. त्यांना वाटतं ते फार थोर आहेत, आणि बाकीच्यांनाही तसंच वाटतं. मला वाटत नाही.

प्लास्टिकच्या बाटल्या जाळायच्या कचऱ्यात टाकायच्या नाहीत, हे आज सगळ्यांना पुन्हा समजावलं. डॉनच्या थोरल्या मुलाने हातातली बाटली खिशात घातली.

७ नोव्हेंबर, शुक्रवार

ओकुनो-सानना कुठूनतरी कथा कळली. मला बाजूला घेऊन त्या बराच वेळ बोलत होत्या.

या घरात आधी जहाजवाल्यांचं एक कुटुंब राहायचं. ओकुनो-सानची आई त्यांच्याकडे स्वयंपाकाला होती. एके दिवशी जेवताना घरच्या मालकाने सगळ्यांसमोर सांगितलं, की आपल्याला मुलगी नाही. मुलगी तिथेच, बागेकडच्या खुर्चीवर बसलेली होती. त्या दिवसापासून तिचं ताट बंद. ती वरच्या खोलीत राहायची, जिन्यावर पावलं वाजायची, कोणी मान वर करत नसे. आईने एकदा चोरून भात नेऊन ठेवला, तर दुसऱ्या दिवशी आईला तिचा चेहराच आठवेना. पुढे घर रिकामं झालं तेव्हा वर कोणी नव्हतं. ती कधी मेली? ओकुनो-सान म्हणाल्या, ते कळायला कोणीतरी तिच्याकडे बघायला हवं होतं.

मग माझ्या बाहीला हात लावून म्हणाल्या, "त्या जेवणघरात ते वाक्य बोलू देऊ नका. कुठल्याच भाषेत."

इळंगोवन लांबून विचारत होता, काय म्हणतायत. आता हे मी त्याला सांगितलं असतं तर त्याने हर्षवायूने उडी मारून आणखी एक सीन लिहिला असता. मी सांगितलं, टेबलाजवळची जमीन जपा म्हणतायत. त्याने अंगठा वर केला. ओकुनो-साननी कमरेत वाकून माझे आभार मानले. दोन्ही बाजू खूश. याला म्हणतात भाषांतर.

९ नोव्हेंबर, रविवार

मुलीचं काम करणाऱ्या नटीचा व्हिसा आला नाही. सीन असा, की डॉन भिंतीवरचा कौटुंबिक फोटो उतरवतो, ब्लेडने त्यातला मुलीचा चेहरा कापून काढतो आणि सगळ्यांसमोर तिला नाकारतो. कयलविळी घुटमळत आली. मुलगी पाठमोरीच दिसेल, तिचा चेहरा नंतर चेन्नईत घेऊ. पण फोटोत आज आणि खुर्चीवर उद्या कोणीतरी बाई हवी. तुम्ही बसाल का?

मी म्हटलं, माझं वय अडतीस आहे, मी तुमच्या हिरोची बहीण शोभेन का? इळंगोवन चष्म्याआडून म्हणाला, कापायचाच चेहरा आहे, कुणाचाही चालेल.

हा इतका निर्लज्ज प्रामाणिकपणा मला जवळपास आवडला. बसले. जरीची साडी, केसांत खोटी अबोली, मागे तीन दाढ्या, शेजारी वेदाचलम. फोटो घरी पाठवला. नेत्रा जपानीत म्हणाली, ममा कुठल्यातरी दुसऱ्याच घरातली वाटतेय. उदय खूप हसला.

१० नोव्हेंबर, सोमवार

आज तो सीन झाला. मला बागेकडच्या खुर्चीवर बसवलं. वेदाचलमनी ब्लेड चालवलं, माझा चेहरा ताटाशेजारी नीट ठेवला, माझ्या डोळ्यांत बघितलं आणि अगदी हळू म्हणाले, "एनक्कु मगळे इल्लै." मला मुलगीच नाही. एवढं तमिळ मलाही कळलं. मग सगळे जेवायला लागले. अभिनयाचं सोडा, जेवण मात्र सगळ्यांनी मनापासून केलं.

तेवढ्यात टेबलाखाली कोणीतरी माझा हात धरला. गार, ओला हात. शेजारी मधला मुलगा बसला होता. या नटांची लायकी मला पहिल्याच दिवशी कळली होती. रागाने वळून बघितलं, तर त्याचे दोन्ही हात ताटावर होते.

सीन संपल्यावर वेदाचलम माझ्यामागे दारापर्यंत आले. इंग्रजीत, शब्द जुळवत म्हणाले, की आमच्या नाटक कंपनीत मेलेल्याला पडदा पडल्यावर हसायला लावतात. आणि ज्याला नाकारलं त्याला परत बोलावतात. नाहीतर ते बोलणं तसंच राहतं. "एक मिनिट थांबा, अम्मा. मला फक्त म्हणायचंय, ये, तू माझी मुलगी आहेस."

मी बूट घालत होते. म्हटलं, माझे वडील पुण्यात आहेत आणि ते असल्या गोष्टींवर विश्वास ठेवत नाहीत. माझी ट्रेन आहे. म्हातारा हात जोडून उभाच राहिला. नाटकी माणूस, सवय जात नाही.

११ नोव्हेंबर, मंगळवार

आज माझा बेन्तो नव्हता. सगळ्यांचा होता. कयलविळीला सांगायला गेले तर ती माझ्याकडे न बघता समोरून निघून गेली. काम झालं की असंच. इळंगोवन ओकुनो-सानशी फोनवरच्या भाषांतराच्या ॲपने बोलत होता. 'लाइट हलवा' याचं त्या ॲपने काय केलं देव जाणे. मी मध्ये पडून बरोबर वाक्य सांगितलं. दोघांनीही ॲपकडेच बघितलं.

माज. दुसरं काही नाही.

संध्याकाळी उदयने जेवण गरम केलं आणि दोनच ताटं घेतली. विचारलं, माझं? तो नेत्राला गणित समजावत होता. मी स्वतःचं ताट घेतलं. त्याने ते माझ्या हातासमोरून उचलून सिंकमध्ये ठेवलं.

भांडण कशाचं आहे ते तरी सांगावं माणसाने.

१२ नोव्हेंबर, बुधवार

भांडण नाही.

सकाळी कोम्बिनीत, कोपऱ्यावरच्या चोवीस तास उघड्या दुकानात, कॉफी घ्यायला गेले. तिथली मुलगी माझ्यामागच्या माणसाला म्हणाली, पुढे या. तो आला, माझ्या जागेवर. मी बाजूला झाले म्हणून, नाहीतर –

किल्ली घरातच राहिली होती. परत आले, बेल वाजवली. इंटरकॉमवर नेत्रा आली. परक्या माणसाला विचारतात तसं अदबशीर जपानीत तिने विचारलं, आपण कोण? म्हटलं, नेत्रा, अगं मी, दार उघड. ती थांबली. आतून उदयने विचारलं, कोण आहे?

"कोणी नाहीये, बाबा."

तिच्यासमोरच्या पडद्यावर मी दिसत असणार. दिसायला हवी. मी दारावर थापा मारल्या. शेजारचे आजोबा कचरा घेऊन बाहेर आले, माझ्या अंगावरून हात पुढे करून त्यांनी लिफ्टचं बटण दाबलं.

त्या म्हाताऱ्याने एक मिनिट मागितलं होतं.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

शिओयाला गेले. रात्र कुठे काढली ते लिहीत नाही. ते लोक आज निघणार होते. व्हॅन दारात उभी, पेट्या भरलेल्या. बूट काढून आत पळाले. आजही काढले. हसू येतं.

वेदाचलम जेवणघराच्या दारात उभे होते. मी त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले, हात जोडले. म्हटलं, चुकले, म्हणा ते तुमचं वाक्य. त्यांची नजर माझ्यातून पलीकडे बागेत. त्यांनी कयलविळीला तमिळमध्येच विचारलं, पण आज मला सगळं कळत होतं, ती दुभाषी बाई कुठे आहे? ती म्हणाली, सर, आपल्याकडे दुभाषी नव्हतीच.

त्यांच्या कपाळाला आठी पडली. म्हणाले, होती. मला तिला काहीतरी सांगायचं राहिलंय. चेहरा आठवत नाही.

मला रडू फुटलं. या सगळ्या लोकांत एका त्या माणसाला – आणि मी त्याला –

त्यांनी जमिनीला हात लावला. डोळे मिटले. रिकाम्या घराला हाक मारावी तसे म्हणाले, "वाम्मा. नी एन् मगळ्." ये, तू माझी मुलगी आहेस.

मी म्हटलं, आले.

तेवढ्यात जिना वाजला.

वरून कोणीतरी उतरत होतं. भराभर. माझ्याजवळून गेली, ओल्या लाकडाचा वास आला. वेदाचलमनी डोळे उघडले, तिच्याकडे बघितलं आणि सुटल्यासारखे हसले. आली बघ, म्हणाले. तिने दारात जाऊन माझे बूट घातले. तिला बसले. कयलविळीने व्हॅनचं दार सरकवलं आणि हिंदीत म्हणाली, "अनघाजी, आपको स्टेशन छोड देंगे."

मी पळाले. उंबऱ्यापर्यंत पळता येतं. त्यापुढे –

ओकुनो-साननी दाराला कुलूप लावलं. जाताना एकदा वरच्या खिडकीकडे बघितलं. मी हात हलवत होते. त्यांनी मान खाली घातली.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

फोन अजून चालू आहे. मेसेज जात नाहीत, येतात.

घरच्या ग्रुपवर नेत्राने फोटो टाकलाय. आमचं टेबल. उदय, नेत्रा. मधे ती. माझा निळा स्वेटर. तिघंही हसतायत. खाली नेत्राने लिहिलंय, ममा आज लवकर आली. पुण्याहून माझ्या आईने लिहिलंय, अनघा, किती बारीक झालीस गं, जेवतेस ना नीट?

आई. तू तरी नीट बघ, आई. झूम कर –

बाहेर स्वच्छ ऊन आहे. समुद्र दिसतो. वरच्या खोलीत अंथरूण घातलेलं आहे. मी घातलेलं नाही.

फोटोतला तिचा चेहरा आता माझ्यासारखा – सकाळी नव्हता. आरसा बघितला. बघण्यासारखं काही –

लिहून ठेवते. मी अनघा. नवरा उदय. कोबे, तिसरा मजला. मला एक मुलगी आहे. ती चौथीत आहे, तिला वांगं आवडत नाही, तिच्या डाव्या गुडघ्यावर टाक्यांची खूण आहे, तिचं नाव ने –

तिचं नाव