सुरुवातीचा आकडा

प्रिय वन्सं,

या हाकेला तू चिडतेस, माहीत आहे. पण हल्ली तू माझा फोन उचलत नाहीस, तेव्हा कागदावर तरी चिडवू दे. मला नोकरीत कायम केलं. ही बातमी आधी तुलाच सांगायची होती, कारण त्यात तुझा वाटा किती, हे माझ्याइतकं कुणाला ठाऊक नाही.

तो सोमवार आठव. दुपारी साहेबांना काम दाखवायचं होतं आणि सकाळी प्रोग्राम लिहायचं सॉफ्टवेअर उघडेचना. ते ज्याच्या आधारावर चालतं ते व्हर्च्युअल मशीन सुरू करता येत नाही, एवढं सांगून मिटायचं. आदल्या आठवड्यात ते मेमरी कमी पडते म्हणून कुरकुरत होतं, तेव्हा मीच सेटिंगच्या फाइलीत शिरून आकडा वाढवून आले होते. शहाणपणा नडला. शेजारच्या टेबलांवर सगळी माझ्याहून कितीतरी लहान मुलं, त्यांना विचारायची लाज वाटली. यातलं कळणारी माझ्या ओळखीत तू एकटीच, पण तुझ्या भावापासून वेगळी झाल्यावर तुला हाक मारायचा हक्क मला उरलाय का, हे जिन्यात उभं राहून मी स्वतःला विचारलं आणि उत्तर मिळायच्या आत फोन लावला.

तू ती फाइल माझ्याकडून ओळ न् ओळ वाचून घेतलीस आणि खो खो हसलीस. सुरुवातीला द्यायच्या मेमरीचा आकडा मी वाढवला होता आणि कमाल मर्यादा राहिली होती त्याच्याही खाली. वहिनी, पहिलाच घास तोंडापेक्षा मोठा घेतलास की गं, म्हणालीस. मग मी मर्यादाच भरमसाट वाढवायला निघाले, तर ओरडलीस की अगं, कॉम्प्युटरमध्ये मुळात मेमरी आहे किती ते बघ, बाकीच्या प्रोग्रामांनाही जगू दे! सुरुवातीचा आकडा पूर्ववत केला, मर्यादा बेतानं वाढवली. सॉफ्टवेअर पूर्ण उघडेपर्यंत तू फोन ठेवला नाहीस. मला रडू फुटलं होतं. तुला कळलं असणार, कारण तू उगाच ऊनपावसाचं बोलत राहिलीस. त्याबद्दल तुझे आभार मानायचे राहूनच गेले.

तुझ्या भावाचं लग्न ठरलंय, हे मला कळलं. म्हणूनच गप्प आहेस ना? वाईट वाटलं का? थोडं वाटलं, खोटं कशाला बोलू. पण तुझा आवाज बंद झाल्याचं त्याहून जास्त वाटलं. लग्नात खुशाल मिरव, नव्या वहिनीला जीव लाव, आणि कोण रुसलं, कोण नाचलं, ते सगळं मला फोन करून सांग.

तुझीच,
थोरली वहिनी