अस्वलाचा खिसा

५ फेब्रुवारी

ती. बाबांच्या चरणी सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला, त्याला कारण एक अस्वल आहे.

आमच्या फिल्म कंपनीच्या जंगलमालिकेच्या नव्या भागात अस्वल नायिकेला पळवून कड्यावर नेतं. त्यासाठी मालकांनी खरंखुरं अस्वल भाड्याने आणलं. ते कॅमेऱ्यासमोर आलं, मोठी जांभई दिली आणि नायिकेच्या मांडीवर डोकं ठेवून झोपलं. ती बिचारी जिवाच्या आकांताने किंचाळत होती. पण आमची चित्रं मुकी, त्यामुळे पडद्यावर ती अंगाई गातेय असंच दिसलं.

माझं काम तुम्हाला ठाऊकच आहे. दोन दृश्यांच्या मधे दिसणाऱ्या पाट्या मी लिहिते. प्रत्येक पाटीतून लोकांना थोडं निसर्गविज्ञान मिळावं, हा माझा आग्रह. मालक म्हणतात, तुमची पाटी वाचून होईपर्यंत नायिका बुडते आणि वाहत पलीकडच्या गावी निघते. मी धीर सोडलेला नाही. ज्यांना शाळा मिळाली नाही ते शेजाऱ्याकडून पाटी वाचून घेतात, बाबा. घरी नेण्याजोगं काहीतरी त्यांच्या पदरात पडायला नको का?

आता पोशाख शिवून माणसाचंच अस्वल करायचं ठरलंय. आत आमचा पहिलवान शिरेल. शिंपी म्हणून मी तुमचं नाव सुचवलं. मापं सोबत आहेत. मालिका संपेपर्यंत हे काम तुम्हाला पटलं नाही तर घरी येऊन शाळेत रुजू होईन, हे वचन मी विसरलेले नाही. मला मात्र इथेच राहायचंय, हेही लपवत नाही.

तब्येतीला जपावं आणि कंपनीवरचा राग माझ्यावर काढू नये.

तुमची, बहुतेक वेळा आज्ञाधारक,
लेक


१४ फेब्रुवारी

चि. पदवीधर लेकीस अ. आ.

मी आजवर माणसांचे कपडे शिवले. तरी आलेलं काम परत पाठवायची आपल्या दुकानाची रीत नाही, म्हणून कापड बेतलं.

तू पाठवलेली मापं खऱ्या अस्वलाची आहेत. कुठल्याशा ग्रंथातून उतरवलेली दिसतात, कारण खांद्याची उंची चार पायांवर उभं राहून दिली आहे. तुमचा पहिलवान या मापाचा असेल तर त्याला शिंपी नको, डॉक्टर हवा. शेवटी घरात हाताशी होतो तो मीच. माझ्याच मापाने शिवलं. पहिलवान काय नि मी काय, उन्नीस-बीस असणार.

हेडमास्तर परवा दुकानात आले होते. शाळा उघडेपर्यंत तुझी जागा राखून ठेवतो म्हणाले. चांगली, मानाची नोकरी आहे. तिथे कुणी झाडावरून पडत नाही.

जेवणाची आबाळ करू नकोस. बाकी भेटीत बोलू, आणि ती लवकर व्हावी.

तुझे,
बाबा


२ मार्च

ती. बाबांस सा. न. वि. वि.

पोशाख मिळाला. शिवण पाहून सगळे थक्क झाले. मग पहिलवानाने एक पाय घातला आणि तो तिथेच अडकला. चौघांनी ओढून काढला तेव्हा पहिलवान रडत होता, पण टाका एकही उसवला नव्हता. आमच्यातल्या किडकिडीत मंडळींना घालून पाहिलं, तर अस्वल महिनाभर आजारी असल्यासारखं दिसतं. ग्रंथातली मापं पाठवली ही माझीच चूक. मला वाटलं, शास्त्रशुद्ध असलेलं बरं.

आणखी एक शंका. अस्वलाला खिसा कशाला?

चित्रीकरण थांबलंय. अस्वल मिळालं नाही तर मालिका बंद, असं मालकांनी बजावलंय. मग माझ्या पाट्याही बंद. बाबा, तो पोशाख जगात एकाच माणसाला बसतो. तोंडावर मुखवटा असतो. कुणालाही कळणार नाही.

उत्तराऐवजी स्वतःच यावं, इतकाच हट्ट.

लेक


९ मार्च

चि. पदवीधरबाईंना आत्याचे अ. आ.

तुझा बाप आज गाडीत बसला. शेजाऱ्यांना सांगून गेलाय की एका मोठ्या गिऱ्हाइकाची ट्रायल घ्यायची आहे. मला म्हणाला, कान धरून तिला घरी आणतो. पण गेले काही दिवस आरशासमोर गुरगुरत होता. मी म्हटलं, अरे, चित्रं मुकी असतात ना, गुरगुरतोस कुणासाठी? तर म्हणे, काम घेतलं की नीट करावं. मांजर अजून माळ्यावरून खाली उतरलेलं नाही.

त्याला दुपारी डुलकी लागते. कड्यावर उभा करू नका.

तुझी माया मला पुरते, माझी तुला पुरो.

आत्या


२० मार्च

ती. ताईस सा. न. वि. वि.

तुझ्या भावाने आज नाक कापलं. कड्यावर मी नायिकेला उचलून उभा होतो. दिग्दर्शक कर्णा लावून ओरडत होता, की आणखी भयंकर व्हा. इतक्यात तिची बाही खांद्यावर उसवलेली दिसली. ताई, उसवलेलं डोळ्यांसमोर असताना मला काही सुचत नाही, तुला माहीत आहे. मी तिला खाली ठेवलं, खिशातून सुई-दोरा काढला आणि चार टाके घालून दिले. कॅमेरा चालू होता.

मालक आधी किंचाळले, मग हसत सुटले. दिग्दर्शकाला तो तुकडा काढून टाकायचा होता. आपली पोर मधे उभी राहिली. म्हणाली, लोकांना घरी न्यायला हेच तर हवंय. सगळे तिच्याहून मोठे, पण तिचंच ऐकलं. मग तिने पाटी लिहिली, जन्मात पहिल्यांदा एका ओळीची: ‘अस्वलालाही राहवलं नाही.’

नोकरीचा विषय अजून काढलेला नाही. गुडघे दुखतात. मांजराला माझा नमस्कार सांग.

तुझा,
धाकटा


१६ एप्रिल

ती. बाबांस सा. न. वि. वि.

कसं लिहू कळत नाही. काल फिल्मच्या कोठाराला आग लागली. कशाने, कुणालाच माहीत नाही. फिल्म पेटली की थांबत नाही. माणसं सगळी सुखरूप आहेत, पण मालिकेचा एकही भाग उरला नाही. तुम्ही घरी परतल्यावर तुमचा भाग इथे जेमतेम आठवडाभर चालला. अस्वलाने सुई काढली की लोक बाकांवर उभे राहायचे. तो आपल्या गावी यायचाच राहिला. तुम्ही स्वतःला पाहिलंच नाही, याने फार जीव तुटतो.

मालक म्हणतात, अस्वल येणार असेल तर पहिल्यापासून पुन्हा काढू.  पण मालिका संपेपर्यंत तुम्हाला पटलं नाही तर घरी यायचं, असं ठरलं होतं, आणि तुम्ही अजून हो म्हटलेलं नाही. ती अशी संपेल असं वाटलं नव्हतं. हेडमास्तरांना कळवावं, मी येते.

रागावू नये. मी रडत नाहीये, शाई पातळ आहे.

लेक


२४ एप्रिल

चि. लेकीस अ. आ.

हेडमास्तरांकडे जाऊन आलो. जागा दुसऱ्या कुणाला द्या म्हणून सांगितलं. कारण विचारलं त्यांनी. म्हटलं, मुलगी कामात आहे, आणि मीसुद्धा.

पोशाख गुडघ्यांवर झिजला म्हणून मी तो दुरुस्तीला घरी आणला होता, त्यामुळे तेवढा वाचला. आत्याच्या हातच्या जेवणाने तो मला पोटावर घट्ट होऊ लागलाय. शिलाई दोन बोटं सैल केली. आत्या म्हणते, या वेळी तीही येणार. जंगलात एखादी म्हातारी लागतेच म्हणे. मालकांना हळूहळू सांग.

खिसा काढलेला नाही. पाटी लिहून ठेव. छोटीच लिही.

गाडीत बसलो की कळवतो. स्टेशनवर ये, मुखवटा हातात असेल, ओळखशील.

तुझे,
बाबा