खाडीवरची कोरी जागा

३ नोव्हेंबर
"आई, तुझ्या चित्रात मी कधीच नसते." माझी थोरली, क्षितिजा, सहा वर्षांपूर्वी म्हणाली होती. आज जेसल पार्कच्या नव्या घराची खिडकी उघडली आणि ते आठवलं. तरी मन प्रसन्न आहे. अकराव्या मजल्यावरून अख्खी खाडी दिसते. माझ्या नवऱ्याला, अभिनवला, तीत डास दिसतात, धाकट्या नेत्राला रेल्वेचा पूल, मला फक्त उजेड. सामान तसंच आहे, रंगांची पेटी तेवढी उघडली.

७ नोव्हेंबर
पहिलं चित्र झालं. जलरंगात पांढरा रंग लावत नाहीत, तिथे कागद कोरा सोडतात. पाण्याच्या चकाकीसाठी पलीकडच्या काठाशी बोटभर जागा सोडली. मासळी घेऊन आलेल्या लक्ष्मीमावशी चित्र बघून हसल्या. म्हणाल्या, तुमची खाडी लय धुतलेली हाय. मग त्यांनी कोऱ्या जागेवर बोट ठेवलं.
"बाय, इथं चिखल हाय. चिखल चमकत न्हाय."

१२ नोव्हेंबर
दुसरं चित्र. कोरी जागा आता खाडीच्या मध्यावर आली आहे. मी तसं ठरवलं नव्हतं. वाळल्यावर तिच्यात खांदे दिसले, दोन वेण्या दिसल्या.
सहा वर्षांपूर्वी त्या दिवशी उत्तनच्या किनाऱ्यावर मी समुद्र रंगवत होते. क्षितिजा अगदी समोर, पाण्यात खेळत होती. चित्रात ती नको होती, म्हणून मी तिला नजरेतूनच वगळलं. चित्र पुरं झालं, तेव्हा समोर खरंच कुणी नव्हतं.

१६ नोव्हेंबर
तिसरं. आता अलीकडच्या काठावर. त्या जागेत रंग भरून पाहिला. कागद पीतच नाही, थेंब ओघळून जातो. अभिनव म्हणतो, तुला हवं तेच तुला दिसतंय. हवंच आहे मला. रोज मनात तिला बोलावतेय मी — हेही लिहून ठेवते.

१९ नोव्हेंबर
नेत्राला खिडकीत बसवलं. या वेळी आधी मुलगी, मग खाडी. चेहरा, निळा फ्रॉक, सगळं नीट रंगवलं.
वाळल्यावर पाहिलं. खिडकी आहे, खाडी आहे. नेत्राच्या जागी कोरा कागद. शेजारी गज धरून क्षितिजा — पूर्ण रंगात. केस ओले.

२० नोव्हेंबर
नेत्रा सकाळपासून कुडकुडतेय. बोटं पांढरी पडली आहेत. अभिनवने तिला हाक मारली, घरभर शोधलं. ती त्याच्या समोरच बसली होती —

२१ नोव्हेंबर
चित्र फाडलं. दुसरा कागद घेतला. तेच —
नेत्राचा आवाज येतो. नेत्रा मलाही आता —
क्षितिजा, यापुढे प्रत्येक चित्रात तूच. हवं तर मला ने. नेत्राला तेवढी राहू दे. तू ऐकणार नाहीस, माहीत आहे. त्या दिवशी तू हाक मारलीस, तेव्हा मी तरी कुठे ऐकलं? मान वर न करता म्हणाले, थांब जरा, एवढं आकाश —