भागिरथी कुणाच्या हाती द्यायची

मी, श्रीमती जयमाला बन्सी भिंगारदिवे, वय छप्पन्न, निवृत्त इलेक्ट्रॉनिक्स इंजिनिअर, राहणार सावेडी, अहमदनगर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. मूत्रपिंडे निकामी झाली आहेत, डोके शाबूत आहे. माझ्यावर कुणाचा दाब नाही. वीट मात्र भरपूर आला आहे, आणि तो कायद्याच्या आड येत नाही, असे वकिलांनी सांगितले.

१. सावेडीचे राहते घर माझा एकुलता एक मुलगा सम्राट याला. आम्ही एकमेकांशी बोलत नाही. पण घर त्याच्या वडिलांनी बांधले, त्यात माझा राग घालता येत नाही.

२. बँकेतली ठेव सून दिशा हिला. तिने ती सम्राटच्या कॉम्प्युटरच्या दुकानात घालू नये. तिथे काय विकले जाते ते पुढे येईलच.

३. आता भागिरथी. १९८४ साली पाथर्डी तालुक्यातल्या एका दूध शीतकेंद्रासाठी मी ऑपरेटिंग सिस्टिम लिहिली. म्हणजे यंत्राला जागे करून त्याच्याकडून कामे करून घेणारा मूळ प्रोग्रॅम. नाव माझ्या आईचे दिले. आई शिवण अर्धे टाकून उठली तरी परत त्याच टाक्यापासून बसायची. भागिरथीला पडदा नव्हता, कळा नव्हत्या. टाकीतले दूध थंड ठेवायचे, एवढेच काम. वीज गेली की कुठे थांबले ते लक्षात ठेवायची, आली की तिथून पुढे. नंतर दूध ढवळायचा पंखा तिच्याकडे आला, मग वजनकाटा, मग दुधातली फॅट मोजणे. केंद्रावरून कुणी अडचण सांगितली की मी तेवढ्यापुरतेच वाढवत गेले. केंद्र चालवणाऱ्या दूध संघाचे अध्यक्ष आप्पासाहेब यांना मात्र आपले नाव झळकायला पडदा हवा होता. मी दिला नाही. तो राग त्यांनी लेकरासारखा जपला.

४. गेल्या वर्षी त्यांनी भागिरथी काढून नवा कॉम्प्युटर बसवला. विकला सम्राटने. कॉम्प्युटरला हार, सम्राटला शाल. दूध थंड ठेवायला आणलेल्या यंत्रात पत्त्यांचा डाव होता! मी बोलले तर म्हणाला, “आई, आता सगळ्या जगाला एकच सिस्टिम. एकेका कामाला वेगळं लिहायचं तुझं खूळ संपलं.”

यंदा मे महिन्यात वीज गेली आणि आली. कॉम्प्युटरने पडद्यावर इंग्रजीत लिहिले, ‘यंत्र नीट बंद केले नव्हते, पुढे जाण्यासाठी कोणतीही कळ दाबा’, आणि वाट पाहत बसला. ऑपरेटर कुलूप लावून लग्नाला गेला होता. सकाळी दूध घालायला आलेल्या कडूबाई बडे यांनी खिडकीतून पाहिले आणि मला फोन केला. “बाई, वीज आली, दिवं लागलं, छताचा पंखा फिरला, अन् ह्ये बसलंय वाट बघत. कोनाची बघतंय?”

मी जीप करून गेले. ओढ्यात दूध सोडणे चालले होते. घट्ट, पिवळट, वर माश्या. त्या उन्हाळ्यात बायकांनी लांबून डोक्यावर पाणी आणून गाई जगवल्या होत्या, त्यांचे ते दूध. आप्पासाहेब ऑपरेटरला शिव्या देत होते. आणि माझा मुलगा नाकाला रुमाल लावून सांगत होता, “सिस्टिमचा दोष नाही, माणूस हजर पाहिजे.” मला त्याची किळस आली. तिथेच ओकारी झाली, आणि ती दुधाच्या वासाने झाली असे त्याला वाटले. तेव्हापासून आमचे बोलणे बंद आहे.

५. भंगारात टाकलेले भागिरथीचे यंत्र मी उचलून आणले. कडूबाईंनी गावातल्या बायकांची छोटी टाकी सुरू केली आहे, ते तिथे चालते. ते कडूबाईंनाच द्यावे. म्हणून त्यांना साक्षीदार केलेले नाही. घेणाऱ्याने साक्ष द्यायची नसते.

६. आप्पासाहेबांना माझ्यातर्फे कळफलकावरची एक कळ उपटून द्यावी. कोणतीही चालेल. माझ्या शोकसभेत त्यांना भाषण करू देऊ नये. त्रिसरण-पंचशील पुरे.

७. राहिला प्रोग्रॅम. त्याचे कागद कपाटात आहेत, पण एकटीच लिहीत गेले, त्यामुळे खुणा माझ्या मलाच कळतात. माझ्यामागे यंत्र बिघडले की कडूबाईंची टाकीही ओढ्यात जाईल. कॉलेजातली दोन मुले बसवून पाहिली; पडदा नसला की त्यांना यंत्रच दिसत नाही. सम्राटला दिसते. तो माझ्याच हाताखाली शिकला, म्हणून तर संताप जास्त.

वकील म्हणतात, मृत्यूनंतर काय द्यायचे तेवढेच लिहा. हे मृत्यूनंतर देता येत नाही. म्हणून या मृत्युपत्राची एक प्रत आजच सम्राटला पाठवत आहे.

सम्राट, डायलिसिसचा दिवस सोडून कधीही ये. भांडण पहिल्यापासून सुरू करायचे नाही. आपण दोघे पाथर्डीला जाऊ, कडूबाईंच्या टाकीचे झाकण उघडू आणि तिथून शिकायला बसू.

रुमाल घरी ठेवून ये.

वरील मजकूर मी वाचून, समजून सही करीत आहे.

(सही) जयमाला बन्सी भिंगारदिवे

आम्हा दोघांच्या समक्ष सही केली. आम्हीही त्यांच्यासमोर करीत आहोत.
साक्षीदार:
१. (सही) डॉ. माधुरी कानिफनाथ शिंदे, सावेडी
२. (सही) पुष्पावती साळवे, निवृत्त शिक्षिका, भिंगार

ठिकाण: अहमदनगर
दिनांक: ८ नोव्हेंबर १९९८