आउरेलियाचा अस्सल आवाज

३ मार्च, रविवार
ठरलं. आउरेलिया ऑर्गनचा आवाज कॉम्प्युटरमध्ये आणायचा. हुबेहूब. एके काळी हा इलेक्ट्रिक ऑर्गन आमच्याच कास्तेलफिदार्दो गावात, टेकडीखालच्या कारखान्यात बनायचा आणि इटलीच्या समुद्रकाठच्या प्रत्येक डान्स हॉलमध्ये वाजायचा. कारखाना कधीच बंद पडला, आता तिथे टाइल्सचं दुकान आहे. म्हणून सॉफ्टवेअर. जगातल्या कुठल्याही पोराने लॅपटॉपला साधा कीबोर्ड जोडावा, बोट ठेवावं आणि आउरेलिया वाजावी.
माझ्याशिवाय हे करणार कोण? अख्खी नोकरी अकॉर्डियनच्या कारखान्यात गेली. एक्स्पोर्ट विभागात होतो, पण कान तयार व्हायला तेवढं पुरतं. प्रोग्रॅमिंगचा ऑनलाइन कोर्स आजच लावला.
जेवताना बायकोला सांगितलं. इवाना म्हणाली, आधी बाथरूमचा नळ. मी म्हटलं, नळ काय, कुणीही दुरुस्त करेल. ती म्हणाली, "गेलं वर्षभर तेच बघतेय, हा कुणीही येतो कधी."
पंधरा ऑगस्टच्या सणाला चौकात डान्स असतो. तेव्हा सगळ्या गावासमोर वाजवायचं. खरं तर ईस्टरपर्यंतच होईल, पण घाई नको.

६ मार्च, बुधवार
चालू स्थितीतली आउरेलिया गावात एकच, गिल्दाबाईंकडे. बाई तरुणपणी नुमाना गावच्या डान्स हॉलमध्ये बँडबरोबर वाजवायच्या. आता ऐंशीला आल्यात, एकट्या राहतात, आणि रोज दुपारी खिडकी उघडी टाकून वाजवतात. खालून जाणारा पोस्टमन ठेका धरतो.
बारवाला नाझारेनो त्याच बँडमध्ये ड्रम वाजवायचा. त्याच्याकडून ओळख काढून घेतली. तो म्हणाला, "तिच्याशी नीट बोल. आम्ही तीन गायक तिच्या तोंडामुळे गमावलेत."
मला काळजी नाही. कलाकारांशी कसं बोलायचं ते मला कळतं.

९ मार्च, शनिवार
गिल्दाबाईंकडे गेलो. पहिला प्रश्न: "अरे ओरेस्ते, आवाज तू घेऊन गेलास तर इथे काय उरेल?" समजावलं की नक्कल घ्यायची आहे, ऑर्गन जागेवरच राहील. मग म्हणाल्या, "नक्कल कशाला? मी आहे की अजून."
ऑलिव्ह तळून वाढले होते, ते खाल्ले. परवानगी मिळाली असं मी धरतो.

१२ मार्च, मंगळवार
रेकॉर्डिंगचा पहिला दिवस. पद्धत सोपी: एकेक पट्टी दाबायची, आवाज विरेपर्यंत थांबायचं, पुढची पट्टी. बाईंना ते जमत नाही. एक सूर दाबला की दुसरा हात आपोआप खाली उतरतो. म्हणतात, "एकटा सूर किती केविलवाणा वाटतो रे, त्याला सोबत नको?" सोबत नको आहे, हे तीनदा सांगितलं.
शिवाय फ्रिजची घरघर. कुत्र्याचं खाजवणं. आणि बाई वाजवताना नाकातल्या नाकात गुणगुणतात, ते वेगळंच. आपण गुणगुणतो हे त्यांना मान्य नाही.

२७ मार्च, बुधवार
सगळे सूर झाले. घरी हेडफोन लावून ऐकले. प्रत्येक सुरात फ्रिज. अर्ध्यांत गिल्दाबाई. मला अपेक्षित दर्जा नाही.
निर्णय: ऑर्गन माझ्या गॅरेजमध्ये आणायचा.
इवाना म्हणाली, "आणि गाडी?" गाडी झाडाखाली.

२ एप्रिल, मंगळवार
गिल्दाबाई आधी नाही म्हणाल्या. दोन आठवड्यांत परत देण्याचं वचन दिलं, मग तयार झाल्या. आज नाझारेनो आणि मी ऑर्गन उचलून जिन्यावरून खाली आणला. बाई वरून बघत होत्या. फडक्याने पट्ट्या पुसून दिल्या आणि म्हणाल्या, "पावसाळी हवेत डावीकडचा तिसरा सूर अडकतो. त्याला ओरडू नकोस, हळू उचल." नाझारेनो जिन्यात सारखा मान वळवून वर बाईंकडे बघत होता. मान धरली असावी.

४ एप्रिल, गुरुवार
कॉम्प्युटरमध्ये जागा कमी पडत होती. गिल्दाबाईंच्या घरचं सगळं रेकॉर्डिंग पुसून टाकलं. मोकळं वाटलं. आता अस्सल, निर्मळ आवाजाने सुरुवात.

२२ एप्रिल, ईस्टरचा सोमवार
सगळं गाव डबे घेऊन समुद्रावर गेलं. इवाना बहिणीबरोबर गेली. मी गॅरेजमध्ये.
ऑर्गनचं झाकण उघडलं. आत बारा छोटी सर्किटं आहेत, एकेका सुराचं एक. ट्यूनर लावून पाहिलं तर बारापैकी एकही सूर जागेवर नाही. कुणी थोडा वर, कुणी थोडा खाली. इतकी वर्षं ही बाई बेसूर ऑर्गन वाजवत होती आणि गाव नाचत होतं. मनात आलं, हे असंच कॉम्प्युटरमध्ये घातलं तर लोक मला काय म्हणतील.
मूळ आवाज म्हणजे कारखान्यातून निघाला तेव्हाचा. तो कसा होता हे आज कुणालाच आठवत नाही, म्हणजे ते ठरवायला मीच हवा.

११ मे, शनिवार
बाराही सूर काट्यावर आणले. आतले जुने, फुगलेले कपॅसिटर काढून नवे लावले. थोडं बोट भाजलं. वाजवून पाहिलं. आरशासारखा स्वच्छ.
गिल्दाबाईंचा फोन येऊन गेला. दोन आठवडे कधीच संपले म्हणाल्या. "दुपारी हात गप्प बसत नाहीत, टेबलावर वाजवत बसते, शेजारीण तिचं दार कुणी ठोठावलं समजून उघडायला जाते." मी म्हटलं, अजून थोडेच दिवस, आणि परत मिळेल तेव्हा ओळखणार नाही तुम्ही.
त्यांनी फोन ठेवून दिला. आनंद झाला असावा.

१ जून, शनिवार
सॉफ्टवेअरची पहिली आवृत्ती तयार. नाझारेनोला ऐकवली. दोन मिनिटं ऐकून तो म्हणाला, "दातांच्या डॉक्टरकडे बसलोय असं वाटतं. खुर्चीत, वाट बघत."
मग त्याला ऑर्गनच वाजवून दाखवला. तो म्हणाला, "हाही तसाच. काय केलंस रे तू याला?"
ड्रमवाल्यांचे कान गेलेले असतात, हे शास्त्र आहे.

३ जून, सोमवार
झोप धड नाही. सकाळपासून चार वेळा गॅरेज आणि घर. काहीतरी कमी आहे खरं. विचार केला आणि सापडलं: श्रोत्याला थोडा जुनेपणा लागतो. तो सॉफ्टवेअरमधून घालता येईल. एक बटण, नाव "जुनेपणा". फिरवलं की सूर जरा इकडेतिकडे सरकतात. मूळचा दोष काढून तोच सुधारित स्वरूपात परत देणं हे खरं इंजिनिअरिंग.

१९ जून, बुधवार
"जुनेपणा" पुरला नाही. "धूर" हे बटण वाढवलं, नंतर "गर्दी", नंतर "खारी हवा". चारही एकदम फिरवली की लॅपटॉप दमेकऱ्यासारखा खोकतो. इवाना वरून ओरडली की जो खोकतोय त्याला पाणी दे.
झाडाचा चीक गाडीवर पडून काच दिसेनाशी झालीये. इवाना बसने कामावर जाते आहे. तिला बस आवडू लागली असावी, तक्रार बंद झाली आहे.

८ जुलै, सोमवार
मनात आलं, ऑर्गन होता तसा करून बघावा. फक्त तुलनेसाठी. पण कुठला सूर किती हलला होता ते लिहून ठेवलं नव्हतं. जुने कपॅसिटर कचऱ्यात गेले. आणि रेकॉर्डिंग पुसलं. त्या दिवशी मोकळं वाटलं होतं, असं वर लिहिलं आहे.
अंदाजाने सूर सरकवत बसलो. संध्याकाळपर्यंत सरकवले. जेवायला बोलावलं ते ऐकू आलं नाही. काहीतरी जवळ येतं, मग निसटतं. नाव ओठांवर असावं आणि येऊ नये तसं.
असो. मागे वळून बघायचं नाही. डान्सला महिना आहे.

२३ जुलै, मंगळवार
गिल्दाबाईंचे फोन बंद झाले. पूर्वी दर आठवड्याला असायचे. माझ्यावर विश्वास बसला.

१५ ऑगस्ट, गुरुवार
उन्हात चौक तापलेला. शिंपल्यांचा पास्ता, थंड वाइन, सगळं गाव बाकांवर. माझं नाव माइकवरून घेतलं, टाळ्या पडल्या. लॅपटॉप, कीबोर्ड, सगळी बटणं मध्यावर. वाल्ट्झ सुरू केला.
दोन जोडपी उठली. एक थोडं फिरून परत बसलं, दुसऱ्याने मधेच हात सोडून वाइन आणली. पुढच्या बाकावरच्या एका आजोबांनी शेजाऱ्याला विचारलं की साउंड चेक किती वेळ चालणार. मी "गर्दी" वाढवली. फरक पडला नाही. तिसऱ्या गाण्याला नाझारेनोने येऊन खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "चल, काहीतरी खाऊन घे." मागून कुणीतरी अकॉर्डियन काढलं आणि सगळे नाचायला उठले, बाक रिकामे झाले.
गिल्दाबाई पहिल्या ओळीत होत्या. निळा ड्रेस, मोत्यांचे कानातले. मला म्हणाल्या, "स्वच्छ आहे हो." बस, एवढंच.
स्पीकर खराब होते. उघड्यावर आवाज फाकतो. परीक्षा बंद खोलीत व्हायला हवी होती.

१९ ऑगस्ट, सोमवार
गिल्दाबाईंकडे निघालो. ऑर्गन आणखी काही दिवस ठेवतो, असं सांगायचं होतं. कोपऱ्यावर वळलो आणि पाय थांबले. वरच्या खिडकीतून आउरेलिया येत होती. तीच. थोडी वाकडी, थोडी हसरी. माझ्या गॅरेजला कुलूप होतं, किल्ली खिशात होती. तरी खिसा चाचपून पाहिला.
वर गेलो. भिंतीला लागून, ऑर्गनच्या जागी, पत्त्यांचं टेबल. त्यावर स्वस्तातला कीबोर्ड आणि टॅब्लेट. बाई म्हणाल्या, जुलैत पुतण्याने शोधून दिलं. फिनलंडमधला कुणी शाळामास्तर आहे. त्याच्या गावच्या चर्चच्या तळघरात एक आउरेलिया पडून होती, तिच्यावरून त्याने चार वर्षांपूर्वीच बनवून इंटरनेटवर टाकलंय. फुकट. "त्याच्यातही कुठेतरी फ्रिज वाजतो बघ," असं म्हणून त्यांनी एक सूर धरून ठेवला. वाजत होता खरा.
मी विचारलं, मला सांगितलं का नाही. म्हणाल्या, "तू इतका कामात होतास."
मग मी म्हटलं, ऑर्गन उद्याच आणून देतो. त्यांनी वाजवणं थांबवलं. "जसा दिला होता तसाच आहे ना?"
"त्याहून चांगला आहे," मी म्हणालो.
त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. राग असता तर मी काहीतरी उत्तर दिलं असतं. "मग राहू दे तुझ्याकडेच," म्हणाल्या, आणि माझ्याकडे पाठ करून पुन्हा वाजवायला लागल्या. मी जिना उतरलो तेव्हा त्या गुणगुणत होत्या.

२५ ऑगस्ट, रविवार
फिनलंडवाल्याचं सॉफ्टवेअर उतरवून घेतलं. फक्त त्याच्यातल्या चुका तपासायला. सकाळी गॅरेजमध्ये लावलं. चुका काढायला कागद घेतला होता, त्यावर काही लिहिलं नाही.
दुपारी एक हळू वाल्ट्झ वाजवत होतो. मान वर केली तर इवाना दारात. हातात बाजारची पिशवी. किती वेळ उभी होती कोण जाणे. पिशवी खाली ठेवली आणि जुन्या टायरवर येऊन बसली. एवढ्या महिन्यांत ती पहिल्यांदाच या गॅरेजमध्ये बसली.
"हीच," ती म्हणाली. "नुमानाला आत गिल्दा वाजवत होती, आपल्याकडे तिकिटाला पैसे नव्हते, आणि तू मला बाहेर पार्किंगमध्ये नाचवलंस. हीच होती."
मला ते आठवत होतं. तिलाही आठवत असेल असं वाटलं नव्हतं.
"जमलं शेवटी तुला," ती म्हणाली. मग विचारलं, इतके दिवस काय चुकत होतं.
मी म्हणालो, "बारीकसारीक होतं."
तिने आणखी एक वाजवायला सांगितलं. वाजवलं. ती उठेपर्यंत वाजवत राहिलो, फक्त स्क्रीन जरा माझ्याकडे वळवून घेतला.